पंधरा रेघांची बाटली

बाटली दहा ड्रामांची होती. मुंबईच्या इस्पितळातल्या कंपाउंडरने ती माझ्या हातात देताना, बूच घट्ट करता करताच हिशोब सांगून टाकला. "साठ थेंबांचा एक ड्राम. दहा ड्रामांचे सहाशे. दिवसाला सहा थेंब, म्हणजे शंभर दिवस. तोवर तुमच्या आगबोटी सुरू होतील."

१९२९ सालचा मे संपत आला होता. पावसाळ्यात मुंबईहून रत्नागिरीला आगबोट येत नाही. शेवटची बोट दोन दिवसांवर होती आणि त्यापुढची सप्टेंबरात. मधल्या दिवसांत माझ्या वडिलांचा उजवा डोळा या बाटलीच्या भरवशावर राहणार होता. डावा आधीच गेला होता.

बाबा गलबतावर तांडेल, म्हणजे खलाशांचे म्होरके, होते. मंगळुरी कौले मुंबईला पोचवायची आणि येताना मिळेल तो माल भरायचा, हे त्यांनी पंचवीस वर्षे केले. डाव्या डोळ्याने धुरकट दिसू लागले तेव्हा त्यांनी दोष खाऱ्या वाऱ्याला दिला. मी त्यांना मुंबईला नेले तोवर उशीर झाला होता. डॉक्टरांनी काचबिंदू सांगितला. डोळ्याच्या आतले पाणी बाहेर पडायची वाट बुजते, आत दाब वाढतो आणि त्या दाबाखाली नजर मरते. मेलेली नजर परत येत नाही. उजव्या डोळ्याची शस्त्रक्रिया लगेच व्हायची होती, पण बाबांना खोकला लागला होता.

"खोकणाऱ्या माणसाचा डोळा मी उघडत नाही," डॉक्टर म्हणाले. "एका ढासेत सगळं बाहेर येईल. हे औषध बाहुली बारीक करतं आणि पाण्याची वाट मोकळी ठेवतं. सकाळ, दुपार, संध्याकाळ, दोन-दोन थेंब. एक वेळही चुकवायची नाही. आणि पहिल्या बोटीने परत या."

खोकला थांबेपर्यंत मुंबईत राहावे, असे मी सुचवून पाहिले. मामाच्या खोलीत नऊ माणसे होती. "ह्या धुरानंच मना खोकला लागलाय," बाबा म्हणाले, "नि तू मना ह्यातच ठेवतोस?" मी आणखी एक बाटली मागितली. कंपाउंडर म्हणाला, हे औषध ठेवून खराब होतं, शंभर दिवसांचं दिलंय तेच पुष्कळ.

साठ थेंबांचा ड्राम ही गोष्ट मला बोटीवरही पटत नव्हती. थेंब हे माप नव्हे. नळीचे तोंड केवढे, नळी उभी धरली की तिरपी, आत काय भरले आहे, यावर थेंब लहानमोठा होतो. मी त्याच वर्षी बी.एस्सी. झालो होतो आणि जूनपासून रत्नागिरीच्या इंग्रजी शाळेत विज्ञान शिकवायला लागणार होतो. रत्नागिरीत मांडवीला घरी पोचल्यावर पहिल्यांदा शाळेतून खुणा केलेली काचनळी मागून आणली, औषधाबरोबर मिळालेल्या ड्रॉपरात साधे पाणी भरले आणि शंभर थेंब मोजून सोडले. असे तीनदा केले. दोनदा पाच पूर्णांक सहा दशांश सी.सी. भरले, एकदा केसभर जास्त.

आई चुलीपुढून बघत होती. "पानी कसलं मोजतोस रे बाबू? औषध मोज की."

"औषध वाया जाईल ना."

"म्हंजे इतकं शिकून पानी मोजायला आलं," ती म्हणाली, पण शेजारच्या काशीकाकूला तिने दुपारी हेच कौतुकाने सांगितले.

दहा ड्राम म्हणजे साडेपस्तीस सी.सी., तेव्हा बाटलीत सहाशे नव्हे, सहाशे चौतीस थेंब होते. रोज सहा धरले तर एकशे पाच दिवस. रविवार, २६ मे रोजी सुरुवात केली तर रविवार, ८ सप्टेंबरपर्यंत औषध पुरणार होते. तोंडी हिशोबापेक्षा पाच दिवस जास्त. आठवड्याला बाटलीतले औषध सुताहून, म्हणजे इंचाच्या आठव्या भागाहून, किंचित कमी उतरायला हवे होते. मी कागदाची एक पट्टी कापली, तिच्यावर सारख्या अंतराच्या पंधरा रेघा बारीक निबाने ओढल्या, प्रत्येक रेघेपुढे रविवारची तारीख लिहिली आणि पट्टी बाटलीला खळीने चिकटवली.

आईला मी सगळे करून दाखवले. ड्रॉपर आधी उकळलेल्या पाण्याने धुवायचा, उभा धरायचा, खालची पापणी ओढायची, दोन थेंब सोडायचे. डॉक्टरांचे शब्दही जसेच्या तसे सांगितले. एक वेळही चुकवायची नाही. ती ते दोनदा पुटपुटली, जसे कोणाचा निरोप पाठ करावा तसे.

बाबांना रेघांची पट्टी फार आवडली. त्यांनी बाटली उजेडाकडे धरून, डोळा बारीक करून पाहिली.

"हे आमच्या पिंपासारखं झालं," ते म्हणाले. "गलबतावर पान्याच्या पिंपात खाचांची काठी असते. रोज सांजला तांडेल काठी बुडवतो. पानी खाचेखाली गेलं की दुसऱ्या दिवशी सगळ्यांना अर्धं माप. तांडेलालाबी अर्धं. पंचवीस वर्षांत दुसऱ्या गलबताकडे पानी मागितलं नाय कदी."

"अगदी तसंच समजा," मी म्हणालो.

हे मी हसत म्हणालो होतो. आपली गोष्ट समजावून सांगायला त्यांच्याच धंद्यातला दाखला मिळाला, याचा मला आनंद झाला होता.

शाळा सुरू झाली. पावसाने जोर धरला, बंदरावरची गलबते वर ओढून माडाच्या झापांनी झाकली गेली. मी सकाळी दहाला छत्री घेऊन निघायचो तो पाचनंतर परतायचो. थेंबांचे काम आईकडे होते. बाबा दुसऱ्या कोणाचा हात डोळ्याजवळ येऊ देत नव्हते, आणि तिचाही सुखासुखी येऊ देत नव्हते.

"डोळा उघडा ठेवा हो!" मला माडीवर ऐकू यायचे. "दर्याला भ्यायले नाय नि थेंबाला भितायसा!"

"दर्या डोळ्यात नाय ओतत कोन. चुरचुरतं ते."

"उघडा. अजून उघडा. घ्या, गेले गालावर!"

मला हसू यायचे. घर नेहमीसारखे होते. दर रविवारी सकाळी मी बाटली खिडकीत ठेवायचो, डोळा पातळीच्या रेषेत आणायचो आणि वहीत नोंद करायचो. २ जून, पहिल्या रेघेवर. ९ जून, दुसऱ्या रेघेवर. १६ जून, तिसऱ्या रेघेवर. जुलै लागला तेव्हा मी आलेखाच्या कागदावर ठिपके मांडले. सगळे एका सरळ रेषेत बसले. फूटपट्टी लावून बघावी लागली नाही, नुसत्या नजरेने दिसत होते. माझा अंदाज इतका बरोबर यावा, याचे मला फार समाधान वाटले. बाबांच्या डोळ्याबद्दल मी रोज विचारत असे, "बरं आहे ना?" ते म्हणत, "बरं हाय." एका संध्याकाळी कंदिलाकडे बघून ते म्हणाले, "दिव्याला खळं पडलंय. चंद्राला पडलं तर पाऊस येतो. दिव्याला पडलं तर काय येतं रे बाबू?"

"रॉकेल महाग होतं," मी म्हणालो. आम्ही तिघेही हसलो.

शाळेत भिकाजीमास्तर गणित शिकवत. वयाने पन्नाशीचे, तोंडाने तिखट. १९ जुलैच्या शुक्रवारी मधल्या सुट्टीत मी त्यांना आलेख दाखवला. इंग्रजी चौथी-पाचवीच्या पोरांना असेच घरातले उदाहरण देऊन आलेख शिकवावा, असे माझ्या मनात होते.

त्यांनी कागद नाकाजवळ धरला. मग दूर धरला. "कोणी केलाय?"

"मी."

"वाचनं कोणाची?"

"माझीच. घरची. दर रविवारची."

"बाबूराव, पोरानं मला असा आलेख आणून दिला तर मी काय करीन सांगू? त्याला बाकावर उभा करीन. उत्तर आधी लिहिलं आणि मग वाचनं बनवली. थेंब टाकणारी कोण, आई? तिचा हात कधी हलत नाही? कधी एक थेंब जास्त पडत नाही? पावसापाण्यात, चुलीच्या धुरात, सात आठवडे! इतकी सरळ रेषा मी भूमितीच्या पुस्तकाबाहेर बघितली नाही."

"मी वाचनं बनवलेली नाहीत."

"मग तुमच्यासाठी कोणीतरी बनवतंय," ते म्हणाले आणि घंटा झाली म्हणून उठले.

मला राग आला. तास घेताना तो राग उतरला, आणि त्याच्या जागी दुसरेच काही आले. "गालावर गेले," हे मी किती वेळा ऐकले होते? रोज. रविवारी तर दिवसातून तीनदा. गालावर गेलेले थेंब बाटलीतून गेलेले असतात. मग बाटली रेघेवर कशी?

संध्याकाळी घरी गेलो आणि छत्रीसुद्धा न मिटता बाबांपुढे बसलो. त्यांना खिडकीकडे तोंड करायला लावले. मेअखेर मुंबईत औषध घातल्यावर डॉक्टरांनी मला त्यांची बाहुली दाखवली होती. नाचणीच्या दाण्याएवढी होती. "औषध लागू आहे याची हीच खूण," असे त्यांनी सांगितले होते. आता खिडकीतून भरपूर उजेड येत असूनही ती मिरीएवढी होती. बुबुळाभोवती लाली होती. सात आठवडे मी त्या बाटलीकडे दर रविवारी पाहिले होते. या डोळ्यात मी एकदाही वाकून पाहिले नव्हते.

"आई, बाटलीत काय घातलंस?"

ती भात वेळून पेज काढत होती. तिने पातेले खाली ठेवले. विचारले असते तर पहिल्याच दिवशी सांगितले असते, अशा आवाजात ती म्हणाली, "पानी."

"कसलं पाणी?"

"उकळलेलंच. ड्रॉपर धुवायचं ते. तू बोलला व्हतास ना, उकळलेलं."

"किती?"

"कमी पडेल तेवढं. रोज सांजला. रेघेपर्यंत."

बाबा तिच्याकडे वळले. त्यांना हे माहीत नव्हते. "काय बोलतेस गो?"

"मग काय करू?" ती एकदम माझ्यावरच उसळली. "दोन घातले की दोन गालावर जातात, मग परत दोन घालावे लागतात. बाटली उतरत जाते. ह्ये रोज सांजला इचारणार, रेघेवर हाय? दोन रेघांच्या मधी बरोबर हाय? तिसऱ्या दिवशी मी नाय बोलले, तर चौथ्या दिवशी दुपारचे थेंब घालू देईनात! अर्धं माप, बोलले. पिंपाचा कायदा. तू सांगून गेलास, एक येळ चुकवू नको. ह्ये बोलतात, रेघ चुकवू नको. दोन्ही कशी सांभाळू? आमटीत नाय आपन पानी घालत, मानसं वाढली तर?"

दिलेले नियम तिने तसेच पाळले होते, आणि ते दोन्ही नियम मीच घरात आणले होते.

बाबांना हसू फुटले, खोकला आला, पुन्हा हसू आले. "आमच्या खलाशांनीबी कदी पिंपात पानी नाय घातलं गो. दर्यात असून."

"ते खारं व्हतं म्हनून," आई म्हणाली आणि तोंडाला पदर लावून रडू लागली.

मी कागद घेऊन बसलो. रोज सहाऐवजी बारा थेंब जात होते. सहा थेंबांएवढे पाणी रोज परत पडत होते. आदल्या दिवशीच्या पाण्यातूनच दुसऱ्या दिवशीचे थेंब जात, मग त्यात आणखी पाणी. हिशोब दिसायला कठीण, पण उत्तर अगदी सोपे निघाले. बाटली जेवढी रिकामी, तेवढेच औषध फिके. पंधरापैकी सात रेघा उरल्या होत्या. औषधाची ताकदही पंधराला सातच उरली होती, आणि ती रोज उतरत होती. पाणी घातले नसते तर जूनच्या मध्यालाच मला दिसले असते की बाटली दुप्पट वेगाने संपते आहे. तेव्हा घाटातला रस्ता धड होता. कोल्हापूरमार्गे पार्सल आठ-दहा दिवसांत आले असते.

"मग आता चार थेंब घाल," बाबा म्हणाले. "अर्ध्या ताकदीचे चार म्हंजे पुऱ्या ताकदीचे दोन. व्हय की नाय?"

हिशोब म्हणून ते बरोबर होते. "डोळ्यात एकच थेंब राहतो, बाबा. बाकीचा बाहेर येतो. थेंब वाढवून ताकद वाढत नाही."

"मग पानी आटवून टाक. तू शिकलायस ना ते?"

तेही मी आधीच मनात करून पाहिले होते. विस्तवावर आटवले तर औषध टिकेल की नासेल, मला माहीत नव्हते, आणि नासले तर उरलेले अर्धेही गेले. शाळेत गंधकाम्लाच्या वर वस्तू वाळवायचे झाकणाचे काचपात्र होते. शनिवारी सकाळी मी एका बशीत थोडे औषध त्यात ठेवले. सोमवारी पाहिले तेव्हा बशीच्या कडेला नखाएवढी रेघ उघडी पडली होती. या गतीने नऊ-दहा दिवस लागणार होते. बाटली बंद ठेवून नऊ-दहा दिवस थांबायचे की फिके औषध घालत राहायचे? आम्ही घालत राहिलो. दर तासाला घालत राहिलो.

सोमवारी सकाळीच बाबांना रत्नागिरीच्या इस्पितळात नेले. तिथले डॉक्टर तरुण होते. त्यांनी दोन बोटांनी मिटलेल्या पापणीवरून डोळा दाबून पाहिला आणि मग माझी बोटे तिथे ठेवली. कच्च्या कैरीला हात लावावा तसे लागले.

"दिव्याभोवती रंगीत कडं दिसतं का हो?" त्यांनी बाबांना विचारले.

"खळं? महिना झाला."

डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिले. मी खाली पाहिले.

"हे औषध इथं ठेवलेलं नसतं," ते म्हणाले. "याच्या जोडीचं एक असतं, तेही संपलंय, मागणी गेलीय, पण ते पुण्याहून यायचं. मुंबईला तार करा, मी मजकूर लिहून देतो. पण खरं सांगू का, पार्सलाची वाट बघू नका. यांना मिरजेला न्या. तिथं शस्त्रक्रिया होईल. जितक्या लवकर न्याल तितकं बरं."

"खोकला आहे."

"आता खोकल्यासकट न्या."

तार त्याच दिवशी केली आणि मंगळवारी पहाटे आम्ही मोटारीत बसलो. आईने बाटली, ड्रॉपर आणि पाण्याचा तांब्या मांडीवर घेतला होता. हातखंब्यापर्यंत पाऊस नव्हता, तेव्हा बाबांनी बाहेर बघून आंब्याची कलमे ओळखली. पुढे पाऊस सुरू झाला. घाटाच्या अलीकडे साखरप्याला ड्रायव्हरने गाडी एका दुकानाच्या पडवीपुढे थांबवली आणि उतरून इंजिनावर गोणपाट टाकले. घाटात दरड आली होती. नुसती रस्त्यावर आली नव्हती, रस्त्याचा तुकडाच घेऊन खाली गेली होती.

"कधी होईल?" मी विचारले.

"माणसं लागलीत. पाऊस थांबला तर दोन दिवस."

पाऊस थांबला नाही.

आम्ही त्या पडवीत राहिलो. दुकानदार रावजीशेट भला माणूस होता. त्याने आतली खोली दिली आणि रोज आम्हाला पेज-भात वाढला. मी डोलीची चौकशी केली. चार माणसे आली, बाबांना बघितले, आभाळ बघितले. त्यांच्यातला वयस्क धोंडू म्हणाला, "पायवाट हाय मास्तर, डाकवाला जातो तिथनं. पन वड्याला छातीभर पानी हाय. डाकवाल्याच्या खांद्यावर थैली असते. आमच्या खांद्यावर तुमचा बापूस. पाय सरकला तर?" मी पैसे वाढवून देतो म्हणालो, तेव्हा त्याने माझ्याकडे कीव करून पाहिले.

डाकवाल्याला मी रोज गाठायचो. थैलीत फक्त पत्रे येत. पार्सले मलकापूरला अडवून ठेवली होती. मुंबईहून निघालेले आमचे औषध त्यांत असेल किंवा अजून कोल्हापुरात असेल. त्याला माहीत नव्हते, माहीत असायचे कारणही नव्हते.

बुधवारी बाबांचा डोळा दुखू लागला. कपाळाची अर्धी बाजू ठणकत होती, दोनदा ओकारी झाली. आई तासातासाला थेंब घालत होती. आता बाबा चुरचुरते म्हणून तक्रार करत नव्हते आणि डोळाही मिटत नव्हते. सगळे थेंब आत जात होते.

मी सकाळ-संध्याकाळ त्यांची नजर तपासायचो. दोन हात अंतरावर उभा राहून बोटे वर करायची आणि किती ते विचारायचे, दहा वेळा. मंगळवारी संध्याकाळी दहाही बरोबर आली. बुधवारी सकाळी आठ. बुधवारी संध्याकाळी सहा. मी एक हात पुढे सरकलो. गुरुवारी एका हाताच्या अंतरावरून चार.

"कशाला छळतोस त्यांना?" आई म्हणाली.

"मिरजेला डॉक्टर विचारतील."

"त्यांना त्यांचं दिसेल की."

मला आकडा हवा होता. का हवा होता, हे मला सांगता आले नसते. दुसरे काहीच करता येत नव्हते.

शुक्रवारी माझ्या लक्षात आले की बाबा प्रत्येक वेळी "दोन" किंवा "तीन" म्हणतात. पाच बोटे कोणी क्वचितच वर करतो, एकही क्वचित. माणूस आपसूक दोन किंवा तीनच करतो. ते माझी बोटे पाहत नव्हते. ते मला ओळखत होते, आणि त्यावर निम्मे गुण मिळवत होते. मी एकदा चार केली. "तीन," ते म्हणाले, आणि माझा आवाज येईना म्हणून लगेच, "चार, चार. अंधार हाय हितं." बाहेर ऊन पडले होते. आठवड्यात पहिल्यांदाच.

त्यानंतर मी त्यांना विचारले नाही. शुक्रवारी संध्याकाळी नाही, शनिवारी सकाळी नाही. ते वाट बघत होते असे वाटले. माझ्या पावलांचा आवाज आला की मान सरळ करून बसत. शनिवारी दुखणे बरेच कमी झाले. आईला वाटले उतार पडला. दुखणे का कमी झाले असावे याचा मला जो अर्थ लागला, तो मी तिला सांगितला नाही.

"डाव्याचंबी असंच व्हतं," बाबा स्वतःच म्हणाले. "आधी ठणकला. मग गप झाला." आणि जरा थांबून, "पन ह्याचं येगळं हाय. ह्याला औषध हाय."

शनिवारी दुपारी ड्रायव्हर धावत आला. रस्ता एका गाडीपुरता झाला होता, पाऊस यायच्या आत निघायला हवे होते. एकच गडबड उडाली. आईने घोंगडी गुंडाळली. रावजीशेटने वाटेसाठी भाकऱ्या बांधून दिल्या. मी एका हातात वळकटी घेतली, दुसऱ्या हातात आईची पिशवी आणि छत्री, आणि बाबांना उठवायला त्यांच्यापुढे जाऊन उभा राहिलो. मला वाटले, आता यांना धरायचे कसे, हात तर दोन्ही अडकलेले. म्हणून क्षणभर तसाच थांबलो.

बाबांनी मान वर केली. माझे थांबणे त्यांना कळले.

"बोलू नको," ते म्हणाले. चेहरा माझ्याकडे होता, थोडासा बाजूला, जिथे माझा हात असायला हवा तिथे. डोळा त्यांनी पूर्ण उघडला होता. "मना सांगू दे. दोन."

दुकानाबाहेर ड्रायव्हर हँडल फिरवत होता. आई माझ्या शेजारी उभी होती. तिने माझ्या एका हातातली वळकटी पाहिली, दुसऱ्या हातातली पिशवी पाहिली.

"काय रे?" बाबा म्हणाले. "बरोबर ना?"

"बरोबर," मी म्हणालो.

"बग गो," ते आईला म्हणाले, आणि उठण्यासाठी त्यांनी हात पुढे केला. तो माझ्यापासून वीतभर लांब गेला. आईने तो धरला.